दमसासाचा हिशेब

२५ मार्च २०२० ला देशभर टाळेबंदी लागू झाली, तेव्हा चंद्रपूर आणि गडचिरोलीच्या जंगलात मोहफुलांचा हंगाम होता. शाळा बंद झाल्या, आश्रमशाळांची वसतिगृहं रिकामी झाली, मैदानं ओस पडली. शहरांत मात्र खेळ पूर्ण थांबला नाही, तो पडद्यावर गेला. जुने क्रिकेट सामने पुन्हा दाखवले जाऊ लागले, मोबाइलवरच्या खेळांच्या स्पर्धा भरल्या आणि बुद्धिबळाला तर नवे दिवस आले. त्याच ऑगस्टमध्ये जागतिक बुद्धिबळ संघटनेनं ऑनलाइन ऑलिंपियाड घेतलं. भारतीय संघाचा कर्णधार होता नाशिकचा विदित गुजराथी आणि संघात होती नागपूरची चौदा वर्षांची दिव्या देशमुख. ३० ऑगस्टला रशियाविरुद्धच्या अंतिम लढतीत तिची आणि निहाल सरीनची इंटरनेट जोडणी तुटली. घड्याळ चालतच राहिलं आणि दोघांचे डाव वेळ संपल्यामुळे गेले. बिघाड जगभरचा होता, हे कळल्यावर दोन्ही देशांना संयुक्त विजेते ठरवलं गेलं. टाळेबंदी, खेळ आणि तंत्रज्ञान हे तीन शब्द एकत्र आले की अशाच गोष्टी आठवतात, आणि त्या अभ्यासण्याजोग्या आहेतच. पण ज्या गावांत फोनला रेंज मिळवायला टेकडीवर चढावं लागतं, तिथल्या मुलांनी या विषयात शिरायचं कुठून?

माझ्या मते त्या काळात खेळाच्या तंत्रज्ञानातला सर्वांत मोलाचा विषय पडद्यावर नव्हताच. तो काड्यापेटीहून थोड्या मोठ्या, कपड्याच्या चिमट्यासारख्या एका डबीत होता. ऑक्सिमीटर. सप्टेंबर २०२० मध्ये ‘माझे कुटुंब, माझी जबाबदारी’ मोहीम सुरू झाली आणि आशा सेविका ताप मोजण्याच्या यंत्राबरोबर ही डबी घेऊन दारोदार फिरल्या. घराघरांतल्या बोटांवर ती लागली, लाल उजेड पडला, आकडा दिसला, वहीत उतरला. लोकांनी त्या डबीला दवाखान्याची वस्तू मानलं. पण तिच्या मागचा विचार मोठ्या प्रमाणात विमानं, पर्वत आणि धावपट्टी यांच्याकडून आला आहे. म्हणजे जिथं धडधाकट माणूस आपल्या श्वासाच्या हद्दीपर्यंत जातो, तिथून. खेळाडू ज्या पद्धतीनं शरीर मोजतो, नेमकी तीच पद्धत दवाखान्यापासून दूर राहणाऱ्या माणसाला सर्वांत जास्त उपयोगी पडते. चंद्रपूर-गडचिरोलीत हे जितकं स्पष्ट दिसतं तितकं दुसरीकडे क्वचितच दिसेल.

आधी यंत्र समजून घेऊ. आपल्या रक्तातलं हिमोग्लोबिन ऑक्सिजन वाहून नेतं. ऑक्सिजन घेतलेलं रक्त लालभडक दिसतं, न घेतलेलं काळपट. डबीच्या एका बाजूनं दोन प्रकारचा उजेड बोटातून आरपार सोडला जातो: एक डोळ्यांना दिसणारा लाल, दुसरा न दिसणारा अवरक्त. काळपट रक्त लाल उजेड जास्त शोषतं, ऑक्सिजन घेतलेलं रक्त अवरक्त उजेड जास्त शोषतं. पलीकडच्या बाजूला कोणता उजेड किती पोचला, यावरून प्रमाण काढता येतं. अडचण एवढीच, की बोटात फक्त रक्त नसतं. कातडी असते, मांस असतं, हाड असतं, आणि तेही उजेड अडवतात. ही अडचण जपानच्या निहोन कोडेन कंपनीतले अभियंते ताकुओ आओयागी यांनी १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला सोडवली. ते खरं तर हृदय किती रक्त फेकतं हे मोजण्याचा प्रयोग करत होते आणि नाडीच्या ठोक्यांमुळे त्यांचा आलेख सारखा हलत होता. हे हलणं घालवायच्या खटपटीत त्यांच्या लक्षात आलं की हलणारा तेवढा भागच धमनीतल्या रक्ताचा आहे. कातडी, मांस आणि हाड जागचे हलत नाहीत. जो अडथळा वाटत होता, त्यातच उत्तर होतं. जगाला त्यांच्या शोधाची गरज सर्वाधिक भासली त्याच महिन्यांत, १८ एप्रिल २०२० ला, आओयागी वारले.

त्यांच्याही आधीचा दुवा थेट एव्हरेस्टपर्यंत जातो. दुसऱ्या महायुद्धात उंचावर उडणारे वैमानिक बेशुद्ध पडत, म्हणून अमेरिकेतल्या ग्लेन मिलिकन यांनी कानाच्या पाळीला लावायचं एक यंत्र बनवलं आणि त्याला ऑक्सिमीटर हे नाव दिलं. मिलिकन स्वतः गिर्यारोहक होते. १९२४ मध्ये एव्हरेस्टवर नाहीशा झालेल्या जॉर्ज मॅलरीची मुलगी क्लेअर ही त्यांची पत्नी, आणि १९४७ मध्ये कडा चढतानाच्या अपघातात ते गेले. या डबीची कुळकथा सांगायची तर ती डोंगर आणि आकाश यांच्यापासूनच सांगावी लागते.

आता आकड्याकडे येऊ. डबीवर ९८ दिसलं की आपण निश्चिंत होतो. पण तो आकडा नेमकं काय सांगतो? मोह वेचून परतणाऱ्या बायांच्या टोपल्या डोळ्यांपुढे आणा. शंभरातल्या किती टोपल्या भरलेल्या आहेत, एवढंच डबी सांगते. मुळात टोपल्या किती आहेत, हे ती सांगत नाही. रक्त कमी असलेल्या मुलीच्या बोटावरही ९८ दिसू शकतं, कारण तिच्याकडे जेवढं हिमोग्लोबिन आहे तेवढं भरलेलं आहे. पण एकूण माल थोडाच. रक्तक्षय घरोघरी असलेल्या या जिल्ह्यांत हा फरक बारीकसा नाही. दुसरी गोष्ट सिकलसेलची. चंद्रपूर आणि गडचिरोलीत हा आनुवंशिक आजार आणि त्याचे वाहक बऱ्याच कुटुंबांत आहेत. त्यात हिमोग्लोबिनच वेगळं असल्यामुळे डबीचा आकडा आणि रक्तातलं खरं प्रमाण यांत तफावत पडू शकते. तिसरी गोष्ट रंगाची. डिसेंबर २०२० मध्ये अमेरिकेतल्या मिशिगन विद्यापीठाच्या डॉक्टरांनी दाखवून दिलं की डबीवर ९२ ते ९६ दिसत असताना प्रत्यक्षात ऑक्सिजन ८८ च्या खाली असण्याचं प्रमाण गोऱ्या रुग्णांमध्ये शंभरात जेमतेम ४ होतं, तर काळ्या रुग्णांमध्ये जवळपास १२. गडद कातडी उजेड जास्त अडवते आणि यंत्राची जुळवणी करताना गोऱ्याच माणसांची बोटं जास्त वापरली गेली असतील तर चूक एकाच बाजूला झुकते. रापलेल्या, काळ्यासावळ्या बोटांच्या प्रदेशात ही गोष्ट प्रत्येक आरोग्य कर्मचाऱ्याला माहीत हवी, असं मला मनापासून वाटतं.

मग एवढे दोष असलेलं यंत्र काय कामाचं? इथंच खेळाडूची पद्धत उपयोगी पडते. गिर्यारोहकाला एकच आकडा कधी पुरत नाही. ५,३६४ मीटरवरच्या एव्हरेस्टच्या तळछावणीत चांगला रुळलेला माणूसही ऐंशीच्या घरात असतो, आणि त्याला कुणी आजारी म्हणत नाही. तोच आकडा चंद्रपुरात दिसला तर रुग्णवाहिका बोलवावी लागेल. २००७ मध्ये ब्रिटिश डॉक्टरांच्या एका पथकानं शिखरावरून उतरताना ८,४०० मीटरवर थांबून, अंगावरच्या जाड पोशाखाची चेन उघडून, जांघेतल्या धमनीतून रक्त काढलं. चौघांच्या रक्तातल्या ऑक्सिजनची सरासरी ५४ टक्के भरली, एकाची तर ३४. समुद्रसपाटीवर इतकं उतरलेला माणूस बेशुद्ध असता. हे चौघे चालत होते, बोलत होते, सुई टोचून घेत होते. आकड्याला अर्थ येतो तो जागेमुळे, तिथवर पोचायला लागलेल्या वेळेमुळे आणि त्या माणसाच्या कालच्या आकड्यामुळे. म्हणून गिर्यारोहक रोज त्याच वेळी, तसंच बसून, हात गरम करून मोजतो आणि कालच्याशी ताडून पाहतो. यंत्र दोन-तीन अंकांनी चुकत असलं तरी साधारण त्याच बाजूला चुकतं; त्यामुळे उतार दिसायचा तो बऱ्याच अंशी दिसतो.

हे सगळं हिमालयातल्या परक्या माणसांचं आहे असं वाटू नये, म्हणून चंद्रपूरची गोष्ट आठवली पाहिजे. आदिवासी विकास विभाग आणि चंद्रपूर जिल्हा प्रशासन यांच्या ‘मिशन शौर्य’मध्ये आश्रमशाळांतल्या दहा विद्यार्थ्यांचं पथक एव्हरेस्टला गेलं आणि मे २०१८ मध्ये त्यांतले पाच जण शिखरावर उभे राहिले: मनीषा धुर्वे, प्रमेश आळे, उमाकांत मडावी, कविदास काटमोडे आणि विकास सोयाम. देवाडा, जिवती, बोर्डा या आश्रमशाळांची नावं तेव्हा महाराष्ट्राला कळली. तयारी ऑगस्ट २०१७ मध्ये सुरू झाली होती. वर्धा, मग तेलंगणातल्या भोंगीरचा कातळ, मग दार्जिलिंग, मग लेह-लडाख. या क्रमात शरीरशास्त्राचा एक धडा आहे. हवेत ऑक्सिजनचा वाटा सगळीकडे २१ टक्केच असतो, चंद्रपुरातही आणि एव्हरेस्टवरही. कमी होतो तो हवेचा दाब. शिखरावर तो समुद्रसपाटीच्या एक तृतीयांशावर येतो. शरीर हे एकदम सोसू शकत नाही, पण हळूहळू शिकतं. श्वास खोल होतो, मूत्रपिंडं रक्तातली आम्लता सांभाळून घेतात, काही आठवड्यांत तांबड्या पेशी वाढतात. म्हणजे टोपल्यांची संख्याच वाढते. वर्ध्याहून लडाखपर्यंतची ती पायरीपायरीची वाट म्हणजे टोपल्या विणायला दिलेला वेळ होता.

या पाच जणांबद्दल एक वाक्य वारंवार कानी येतं: आदिवासी मुलं ती, डोंगर-जंगल त्यांच्या रक्तातच आहे. बोलणारा कौतुकानंच बोलतो, तरीही त्या वाक्यानं अन्याय होतो. चंद्रपूर शहर समुद्रसपाटीपासून दोनशे मीटरांच्या आसपास आहे आणि उन्हाळ्यात देशातल्या सर्वांत तापणाऱ्या शहरांत त्याचं नाव असतं. जिवती तालुक्याला आसपासचे लोक पहाड म्हणतात, तरी हिमालयाच्या हिशेबात माणिकगडच्या त्या डोंगररांगा सपाटच. उंचीला रुळलेलं रक्त खरोखर कुणाचं असेल तर ते तिबेटी आणि शेर्पा लोकांचं. विरळ हवेत तग धरायला मदत करणारा जनुकीय फरक त्यांच्यात आढळतो, हे २०१० मध्ये शास्त्रज्ञांनी दाखवलं. गोंड-कोलाम मुलांकडे अशी काही शिदोरी नव्हती. उकाड्यातल्या सखल प्रदेशातली शरीरं त्यांनी वर्षभराच्या आत बर्फासाठी घडवली. त्याचं श्रेय रक्ताला देऊन टाकलं की सराव, मोजणी आणि धीर या तिन्ही गोष्टी पुसल्या जातात. शिवाय ज्या मुलांच्या रक्तात डोंगर नाही त्यांनी प्रयत्नच करू नये, असाही त्याचा अर्थ निघतो.

टाळेबंदीत डॉक्टरांना चक्रावून टाकलेल्या एका गोष्टीचं उत्तरही खेळाकडेच आहे. करोनाचे काही रुग्ण ऑक्सिजन ऐंशीच्या खाली उतरलेला असतानाही खाटेवर बसून फोनवर बोलत होते. त्यांना धाप लागलेली नव्हती. असं कसं, हे कळायला कबड्डीची चढाई आठवावी. विदर्भाचं आणि या खेळाचं नातं जुनं आहे; १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळानं तिथं कबड्डी खेळून दाखवली होती. चढाई करणारा एका दमात ‘कबड्डी कबड्डी’ म्हणत राहतो. म्हणजे तो नुसता श्वास सोडत असतो, घेत नसतो. काही सेकंदांनी छाती फुटेल असं वाटतं आणि तो मध्यरेषेकडे पळतो. त्या क्षणी त्याच्या बोटाला डबी लावली तर आकडा बहुधा फारसा उतरलेला नसेल. मग घुसमट कशाची? रक्तात साठलेल्या कार्बन डायऑक्साइडची. ‘श्वास घे’ असा मेंदूचा हुकूम मुख्यतः त्या वायूच्या वाढीवर सुटतो. ऑक्सिजनच्या घटीकडे शरीराचं लक्ष फार उशिरा जातं. करोनाच्या त्या रुग्णांची फुप्फुसं कार्बन डायऑक्साइड बाहेर टाकत होती, पण ऑक्सिजन आत घेण्यात कमी पडत होती. त्यामुळे धोक्याची घंटा वाजलीच नाही. वैमानिक आणि गिर्यारोहक यांना ही फसवणूक फार पूर्वीपासून माहीत होती, म्हणून तर मिलिकनना यंत्र बनवावं लागलं. कबड्डीच्या मैदानावर ज्या मुलाला हे एकदा समजावून सांगितलं, तो ‘मला दम लागत नाही, म्हणजे मी बराच आहे’ या भरवशावर राहणार नाही.

खाटेवर बसलेल्याचं शरीर आपली उणीव लपवतं. ती उघडी पडते भार पडल्यावर. हेही खेळातूनच आलेलं ज्ञान. १९६८ मध्ये अमेरिकी हवाई दलातले डॉक्टर केनेथ कूपर यांनी जवानांची तंदुरुस्ती जोखायला एक सोपी चाचणी सुचवली: बारा मिनिटांत जेवढं धावता येईल तेवढं धावा आणि अंतर मोजा. प्रयोगशाळा नको, तोंडाला नळ्या नकोत. १९७० च्या दशकात ब्रिटिश डॉक्टरांनी तीच कल्पना छातीच्या रुग्णांसाठी उचलली आणि धावण्याऐवजी चालणं आणलं. १९८२ मध्ये बारा मिनिटांऐवजी सहा मिनिटंही पुरतात, हे दिसून आलं. २०२१ च्या दुसऱ्या लाटेत महाराष्ट्राच्या आरोग्य विभागानं लोकांना घरीच करायला सांगितली ती हीच सहा मिनिटांची चाल. बसून आकडा पाहा, सपाट जमिनीवर नेहमीच्या चालीनं सहा मिनिटं न थांबता चाला, पुन्हा आकडा पाहा. ९३ च्या खाली गेला, किंवा चालण्याआधीपेक्षा तीनाहून जास्त अंकांनी उतरला, किंवा धाप लागली, तर दवाखाना गाठा. वृद्धांनी तीन मिनिटंच चालावं, दम्याच्या रुग्णांनी ही चाचणी करू नये. जवानांची शर्यत अशी होता होता घराच्या पडवीत आली. खेळाच्या तंत्रज्ञानाचा इतका लोकोपयोगी प्रवास दुसरा मला तरी ठाऊक नाही.

गडचिरोलीत या सहा मिनिटांचं मोल पुण्या-मुंबईपेक्षा जास्त आहे. शहरात आकडा घसरल्यावर अर्ध्या तासात दवाखाना गाठता येतो, निदान एरवी तरी. भामरागडला पावसाळ्यात पर्लकोटा नदीचा पूर पुलावरून गेला की गावाचा संपर्क तुटतो. एटापल्ली किंवा सिरोंच्याच्या आतल्या पाड्यावरून जिल्ह्याच्या ठिकाणी पोचणं म्हणजे दिवसाचं काम. तिथं आकडा आधीच घसरून बसला, तेव्हा फार उशीर झालेला असतो. चालल्यावर घसरतो का हे पाहिलं, तर काही तास, कधी एखादा दिवस हाताशी मिळतो. नदीला उतार यायला, ट्रॅक्टर मिळायला, खाट उचलायला चार माणसं गोळा व्हायला तेवढा वेळ लागतोच.

यावर एक रास्त आक्षेप येईल. डबी तरी कुठं होती सगळ्यांकडे? मागणी वाढली तसे भाव चढले, डब्यांचे सेल संपले, स्वस्तातल्या बनावट डब्याही आल्या. ज्या घरात रेशन पुरत नाही तिथं यंत्राची गोष्ट काय करायची? या आक्षेपाचं उत्तर गडचिरोलीनं करोनाच्या तीस वर्षं आधीच देऊन ठेवलं आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेनं १९८० च्या दशकात इथं काम सुरू केलं, तेव्हा बालमृत्यूंचं एक मोठं कारण न्यूमोनिया होतं. बाळाला न्यूमोनिया झाला की त्याचा श्वास जलद चालतो: दोन महिन्यांपर्यंतच्या बाळाचा मिनिटाला साठ किंवा जास्त, त्याहून मोठ्याचा पन्नास किंवा जास्त. पण मोजणार कोण? गावातल्या सुईणींना साठापर्यंत आकडे येत नव्हते आणि घरात घड्याळ नव्हतं. तेव्हा बंगांनी एक साधन बनवलं. एका मिनिटात रिकामं होणारं वाळूचं घड्याळ आणि शेजारी तारेत ओवलेल्या मण्यांच्या दोन ओळी, लहान बाळासाठी एक आणि मोठ्यासाठी एक. दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा, पुन्हा एकपासून मोजायचं. वाळू संपायच्या आत लाल मण्याची पाळी आली तर न्यूमोनिया. एवढंच. बोटावर मोजता येतील एवढेच आकडे लागत, वीज लागत नसे. न्यूमोनिया ओळखून गावातच औषध देण्याच्या त्यांच्या प्रयोगाचे निष्कर्ष १९९० मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये छापून आले, प्रयोगाच्या ५८ गावांत न्यूमोनियानं होणारे बालमृत्यू निम्म्यानं घटले होते.

ती दोन ओळींची मणीपाटी मला आजही तंत्रज्ञानाचा उत्तम नमुना वाटते. मोजायचं काय हे पक्कं ठरवून, मोजणाऱ्याच्या हाताला आणि अक्षरओळखीला धरून ती बनवली आहे. यंत्र महाग असल्यामुळे अचूक होतं, या समजुतीला ती उत्तर आहे. धावपटूचा प्रशिक्षक हातात थांबघड्याळ घेऊन मनगटावर दोन बोटं ठेवतो, तो हेच करत असतो.

दुसरा आक्षेप उलट्या बाजूनं येतो. आकड्यांनी माणसं घाबरली, दर दहा मिनिटांनी बोट डबीत घालून बसली, रात्रीची झोप गेली. म्हणून सामान्य माणसाच्या हाती मोजमाप देऊच नये. घबराट झाली, हे खरं आहे. पण ती मोजण्यामुळे झाली की मोजायचं कसं हे न शिकवल्यामुळे? गार हाताला, मेंदी लावलेल्या नखाला, हलत्या बोटाला डबी लावून आलेलं ९१ पाहून कुणीही हादरेल. सराव करणाऱ्या खेळाडूला आपलं रोजचं मोजमाप पाठ असतं. उठल्याबरोबर नाडी किती, धावल्यावर किती, दोन मिनिटं थांबल्यावर किती उतरते, हे त्याला ठाऊक असतं. एखाद्या सकाळी नाडी नेहमीपेक्षा जलद लागली तर तो त्या दिवशी सराव हलका ठेवतो, हंबरडा फोडत नाही. ज्याला स्वतःचं रोजचं माहीत नाही त्याला कुठलाही आकडा अनोळखीच वाटणार. ही ओळख आजाराच्या दिवशी होत नाही. बऱ्या दिवसांत, खेळता खेळता करून घ्यावी लागते.

तिसरा आक्षेप मला सर्वांत वजनदार वाटतो. पोटाची चिंता असलेल्या माणसाला श्वासाचं विज्ञान शिकवणं ही वरून लादलेली हौस तर नव्हे? बंगांच्याच कामात याचा एक धडा आहे. सुरुवातीला त्यांनी इथल्या सिकलसेलवर संशोधन केलं, पण लोकांना तो आपला प्रश्न वाटला नाही. त्यानंतर लोकांना विचारून विषय ठरवायची रीत त्यांनी धरली. म्हणून आश्रमशाळेतल्या मुलांना ऑक्सिजनचा धडा फळ्यावर देऊन काही साधणार नाही, हे मी मान्य करतो. पण दम ही त्यांची स्वतःची गोष्ट आहे. चढाईत कुणाचा दम जास्त, नदीच्या डोहात कोण जास्त वेळ बुडी मारतो, डोक्यावर तेंदूपानांची पुडकी घेऊन ती जमा करायच्या फळीपर्यंत कोण न थांबता जातो, याच्या पैजा ही मुलं शिक्षकानं सांगण्याआधीपासून लावत आली आहेत. शाळेनं तिथं फक्त घड्याळ आणायचं आहे. आणि पैजेवर नजरही ठेवायची आहे: सिकलसेलचा रुग्ण किंवा वाहक असलेल्या मुलानं तळपत्या उन्हात, पाणी न पिता, ईर्ष्येनं धावत राहणं जिवावर बेतू शकतं. अमेरिकेतल्या महाविद्यालयीन खेळाडूंचे असे मृत्यू झाल्यावर तिथं २०१० पासून सिकलसेलची तपासणी सुरू झाली. आपल्याकडे मैदानावर उतरणाऱ्या मुलाच्या शिक्षकाला त्याच्या रक्ततपासणीचं कार्ड माहीत असायला हवं.

एवढ्या सगळ्याला लागतं काय, तर तीस मीटरची सपाट जागा, फक्कीनं आखलेल्या दोन रेघा, सेकंदकाटा असलेलं घड्याळ आणि वही. जोडीजोडीनं मुलं उभी राहतात. एक चालतो, दुसरा फेऱ्या मोजतो. सहा मिनिटं झाली की पहिल्याच्या मनगटावर दोन बोटं ठेवून नाडी मोजायची, छातीकडे पाहून श्वास मोजायचे, मग अदलाबदल. वहीत नाव, तारीख, फेऱ्या, आधीची नाडी, नंतरची नाडी, श्वास, आणि त्या दिवशी ऊन कसं होतं. जूनमध्ये शाळा उघडल्यावर एकदा, दिवाळीआधी एकदा, मोह पडायच्या सुमारास एकदा. शाळेत डबी असेल तर आणखी दोन रकाने आखता येतील.